फोनवर जुन्या कन्सोलचे खेळ: कायदेशीर मार्ग, डंपिंग आणि सेटिंग

पिक्सेलपंत (धागाकर्ता)

एम्युलेटर, रॉम आणि बायोस या तिघांची सरमिसळ झाली की चर्चा हमखास भरकटते. तिघांचा कायदेशीर हिशोब वेगवेगळा आहे. आधी तो मांडतो, मग डंपिंग, म्हणजे स्वतःच्या कार्ट्रिज किंवा सीडीतून फाईल तयार करण्यापासून, फोनवर नीट चालवण्यापर्यंतचं सगळं इथेच गोळा करू. ज्यांना जे यंत्र नीट ठाऊक आहे त्यांनी त्यात भर घालावी.

एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्रातला प्रोसेसर, ग्राफिक्स चिप, साउंड चिप यांचं वागणं सॉफ्टवेअरमध्ये उभं करणारा प्रोग्रॅम. कन्सोल कंपनीचा कोड न उचलता लिहिला असेल तर तो स्वतः बेकायदेशीर नाही. अमेरिकेत २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात अपील न्यायालयाने हाच मुद्दा मान्य केला: प्लेस्टेशनचा बायोस समजून घेण्यासाठी मधल्या टप्प्यावर केलेल्या प्रती 'फेअर यूज'मध्ये बसतात. तयार झालेल्या 'व्हर्च्युअल गेम स्टेशन'मध्ये सोनीचा कोड नव्हता.

रॉम किंवा डिस्क इमेज ही खेळाची प्रत. तिच्यावर कॉपीराइट असतो आणि कंपनीने खेळ विकायचं थांबवलं म्हणून तो संपत नाही. 'अबँडनवेअर' असा कुठलाही कायदेशीर वर्ग नाही. '२४ तासांत डिलीट केलं तर चालतं' ही तर निव्वळ लोणकढी थाप आहे, कुठल्याही कायद्यात तसं लिहिलेलं नाही.

बायोस हा कन्सोलच्या आतला कोड, म्हणजे तोही कंपनीचाच. 'सगळ्या बायोस फाइल्स एकत्र' म्हणून जे गठ्ठे फिरतात त्यांना हात लावू नका. गरजही फारशी पडत नाही. एनईएस, एसएनईएस, मेगा ड्राइव्ह, निन्टेन्डो ६४ यांना बायोस लागतच नाही. गेम बॉय अॅडव्हान्ससाठी एमजीबीए या एम्युलेटरकडे स्वतःचा पर्याय आहे, डीएससाठी मेलॉनडीएसकडे आहे, ड्रीमकास्टसाठी फ्लायकास्टकडे आहे, आणि पीएसपीचा एम्युलेटर पीपीएसएसपीपी, त्याला पीएसपीचं काहीच लागत नाही. अडतं ते प्लेस्टेशन १ (अर्धवट), प्लेस्टेशन २, सेगा सीडी आणि सॅटर्नपाशी.

आणखी एक रेष लक्षात ठेवा: एन्क्रिप्शन, म्हणजे डेटाला घातलेलं कुलूप. कार्ट्रिजच्या जमान्यातले खेळ आणि प्लेस्टेशन १ च्या सीडी एन्क्रिप्ट केलेल्या नसतात, त्यामुळे वाचताना कुठलं कुलूप तोडावं लागत नाही. निन्टेन्डोच्या वी, थ्रीडीएस, स्विच यांचे खेळ एन्क्रिप्ट केलेले असतात आणि तिथे किल्ल्या लागतात. अमेरिकी कायद्यात कुलूप तोडणं हा कॉपीराइटभंगाहून वेगळा गुन्हा आहे. फेब्रुवारी २०२४ मध्ये निन्टेन्डोने युझु या स्विच एम्युलेटरच्या निर्मात्यांवर दावा लावला तो मुख्यतः याच कलमाखाली. मार्चमध्ये २४ लाख डॉलरवर तडजोड झाली आणि त्याच लोकांचा थ्रीडीएससाठीचा सिट्राही बंद पडला. तडजोड म्हणजे न्यायालयाचा निकाल नव्हे, पण वारं कुठे वाहतंय ते कळतं. या धाग्याचा आवाका मी कुलूप नसलेल्या यंत्रांपुरता ठेवतोय.

कायदा देशागणिक बदलतो. तुमच्या देशातलं कलम तुम्हीच तपासा.

---

आडवा_मेंदू

पंत, एक बाळबोध शंका. माझ्याकडे अस्सल कार्ट्रिज आहे. मी स्वतः डंप केली काय आणि तीच फाईल नेटवरून उतरवली काय, बिट-बिट सारखीच निघणार. मग फरक कसला?

---

पिक्सेलपंत

फाईल सारखीच, प्रत बनण्याची वाट वेगळी. कायदा फाईलचे बिट पाहत नाही, ती प्रत कोणी आणि कोणत्या हक्काने बनवली ते पाहतो. अमेरिकी कॉपीराइट कायद्याचं कलम ११७ प्रोग्रॅमची प्रत ज्याच्या मालकीची आहे त्याला जपणुकीसाठी आणखी एक प्रत करू देतं. वेबसाइट चालवणारा तुमच्या प्रतीची प्रत करत नाही, तो लाखोंना वाटतो, आणि तुम्ही त्या वाटपातला एक हिस्सा घेता. कार्ट्रिजना हे कलम कितपत लागू होतं यावर कंपन्यांचं मत अर्थातच वेगळं आहे. तरी स्वतःच्या वस्तूवरून स्वतः काढलेली प्रत ही या सगळ्यातली सगळ्यात भक्कम जागा.

त्याच कलमाची दुसरी बाजू कुणी सांगत नाही: मूळ कार्ट्रिज विकली तर प्रत सोबत द्यायची किंवा पुसायची. कार्ट्रिज विकून फाईल ठेवून घेणं यात बसत नाही. आणि बनावट कार्ट्रिज 'मालकीची' असून उपयोग शून्य, तिच्यातली प्रतच मुळात चोरीची आहे.

---

रानजाई

कार्ट्रिजवाल्यांसाठी.

गेम बॉय, कलर आणि अॅडव्हान्ससाठी जीबी ऑपरेटर किंवा जीबीएक्सकार्ट आरडब्ल्यू हे यूएसबी रीडर पुरेसे आहेत. दुसऱ्यासोबत फ्लॅशजीबीएक्स हे मोफत सॉफ्टवेअर वापरा. एसएनईएस आणि मेगा ड्राइव्हसाठी रेट्रोड २ आहे. सोल्डरिंग जमत असेल तर सॅनीचा ओपन-सोर्स कार्ट रीडर, आर्डुइनो मेगावर बनणारा, अनेक यंत्रांना एकटा पुरतो. हे सगळं कॉम्प्युटरला जोडून करा. फोनला ओटीजीने जोडून डंप करण्याचा हट्ट धरू नका.

व्होल्टेज बघा. गेम बॉयच्या कार्ट्रिज ५ व्होल्टवर चालतात, अॅडव्हान्सच्या ३.३ वर. ज्या रीडरवर व्होल्टेजचं बटण आहे तिथे कार्ट्रिज घालण्याआधी ते तपासा. ३.३ च्या कार्ट्रिजला ५ व्होल्ट देणं म्हणजे चिपशी जुगार.

डंप बिघडण्याचं पहिलं कारण मळकट पिना. कापसाच्या काडीवर ९० टक्के किंवा त्याहून जास्त आयसोप्रोपिल अल्कोहोल घ्या, पिनांच्या लांबीच्या दिशेने पुसा, पूर्ण वाळू द्या. तोंडाने फुंकर मारू नका, ओलावा जातो आणि पुढे पिना गंजतात. काळपट थर निघत नसेल तर पांढरं खोडरबर अगदी हलक्या हाताने चालेल. सँडपेपर नको, सोन्याचा मुलामा उडतो.

मग दोनदा डंप करा आणि दोन्ही फाइल्सचा एसएचए-१ हॅश, म्हणजे मजकुरावरून निघणारा ओळख-आकडा, काढा. दोन्ही हॅश वेगळे आले तर संपर्क नीट नाही, पुन्हा साफसफाई. सारखे आले तर नो-इंट्रो या कार्ट्रिज-डंपच्या नोंदी ठेवणाऱ्या प्रकल्पाच्या यादीशी ताडा. त्या यादीत खेळ नसतात, फक्त नावं, आकार आणि हॅश असतात, त्यामुळे ती वापरण्यात गैर काही नाही. दोन डंप एकमेकांशी जुळतात पण यादीशी नाही, असं झालं तर कारण बहुधा यांपैकी एक: कार्ट्रिज बनावट आहे, तुमची आवृत्ती यादीत नाही, किंवा आकार चुकीचा निवडलाय. अॅडव्हान्सच्या फाइल्स साधारण ४, ८, १६ किंवा ३२ मेगाबाइटच्या असतात. ८ ची कार्ट्रिज १६ म्हणून वाचली तर उरलेल्या अर्ध्यात तोच मजकूर पुन्हा किंवा कचरा येतो. खेळ चालतो, हॅश जुळत नाही.

एनईएस आणि एसएनईएसचा आणखी एक घोळ: एनईएसच्या फाईलला पुढे १६ बाइटचा हेडर असतो, एसएनईएसच्या जुन्या पद्धतीच्या एसएमसी फाईलला ५१२ बाइटचा. हॅश हेडर काढून मोजायचा की धरून, ते यादीप्रमाणे ठरवा.

सेव्ह आधी काढा, रॉम नंतर! जुन्या गेम बॉय आणि एसएनईएस कार्ट्रिजमधला सेव्ह एका बटण-सेलच्या जोरावर टिकतो. सेल संपला किंवा काढला की सेव्ह गेला. पोकेमॉन रुबी, सफायर, एमराल्ड यांत मात्र सेल फक्त घड्याळासाठी आहे, सेव्ह फ्लॅश मेमरीत असतो. तिथे 'बॅटरी संपली' असा संदेश आला म्हणून घाबरायचं कारण नाही.

---

बिनक्यू

डिस्कचं माझ्याकडे.

प्लेस्टेशन १ ची सीडी कुठल्याही साध्या सीडी-डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येते. विंडोजवर इमेजबर्न, लिनक्सवर सीडीआरडीएओ. निकाल 'बिन' आणि 'क्यू' या जोडीत घ्या, आयएसओत कदापि नाही. आयएसओत प्रत्येक सेक्टरचे फक्त २०४८ बाइट येतात. बिनमध्ये पूर्ण २३५२ येतात, आणि ऑडिओ ट्रॅकही. 'खेळ चालतो पण संगीत नाही' या तक्रारीमागे दहातल्या नऊ वेळा आयएसओ नाहीतर हरवलेली क्यू फाईल असते. क्यू ही साधी मजकुराची फाईल आहे, नोटपॅडमध्ये उघडते. बिनचं नाव बदललंत तर क्यूच्या आतलं नावही बदला.

वाचनाचा वेग कमी ठेवा, ८ एक्सच्या आसपास. ओरखडे असतील तर आणखी कमी. सीडी मधून बाहेरच्या कडेकडे सरळ पुसायची, गोल गोल नाही. गोल ओरखडा ट्रॅकच्या दिशेनेच जातो आणि सलग डेटा खातो.

पडताळणी रीडम्पच्या, म्हणजे डिस्कसाठीच्या तशाच प्रकल्पाच्या, यादीशी. इथे पुष्कळ जण उगाच निराश होतात: पहिला, म्हणजे डेटा ट्रॅक जुळतो, पुढचे ऑडिओ ट्रॅक जुळत नाहीत. कारण प्रत्येक ड्राइव्ह ऑडिओ काही नमुने पुढे-मागे वाचतो. त्याला ड्राइव्हचा ऑफसेट म्हणतात. तेवढ्यासाठी डंप वाईट ठरत नाही, खेळात फरक कळणारही नाही. शंभर टक्के जुळवायचंच असेल तर एमपीएफ किंवा रीडम्पर वापरा, ते ऑफसेटची दुरुस्ती करतात, पण प्रत्येक ड्राइव्ह त्यांना चालत नाही.

युरोपात विकल्या गेलेल्या काही सीडींवर लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण आहे. त्याची माहिती सबचॅनेलमध्ये, म्हणजे मुख्य डेटाच्या शेजारच्या जास्तीच्या पट्टीत असते, ती बिनमध्ये येत नाही. मग खेळ सुरू होतो आणि पुढे कुठेतरी मुद्दाम अडकतो. अशा वेळी एम्युलेटरला दोष देऊ नका. सबचॅनेलसकट वाचा, एसबीआय फाईल बनवा आणि क्यूच्याच नावाने शेजारी ठेवा.

पडताळणी झाली की सीएचडी या आकुंचित फाईलप्रकारात बदला. मामे या आर्केड एम्युलेटरच्या प्रकल्पाबरोबर सीएचडीमॅन नावाचं कमांडवर चालणारं साधन मिळतं. त्याला 'क्रिएटसीडी' ही कमांड, आत येणारी क्यू फाईल आणि बाहेर पडणाऱ्या सीएचडीचं नाव एवढंच द्यायचं. जागा बऱ्यापैकी वाचते, माहिती काहीच जात नाही, आणि दहा-वीस ट्रॅकऐवजी एकच फाईल फोनवर न्यावी लागते. क्रम चुकवू नका: आधी हॅश, मग सीएचडी. सीएचडीतून परत बिन काढलं तर सहसा सगळे ट्रॅक एकाच फाईलमध्ये येतात आणि यादीशी ताडणं अवघड जातं.

दोन-तीन डिस्कचा खेळ असेल तर एम-थ्री-यू नावाची मजकूर फाईल करा, प्रत्येक ओळीत एका सीएचडीचं नाव. एम्युलेटरला तीच उघडायला सांगा. नाहीतर डिस्क बदलताना मेमरी कार्ड वेगळं धरलं जातं आणि 'सेव्ह सापडत नाही' म्हणून बोंबाबोंब.

---

गोगलगाय

बिनक्यू, गेमक्यूबचं काय? तीच पद्धत?

---

बिनक्यू

नाही. साधा ड्राइव्ह त्या डिस्क वाचत नाही. होमब्रू, म्हणजे कंपनीबाहेरच्या लोकांनी लिहिलेलं सॉफ्टवेअर, बसवलेला जुना वी लागतो, त्यावर क्लीनरिप चालवायचं, डिस्क घालायची, एसडी कार्डवर किंवा यूएसबीवर फाईल घ्यायची. गेमक्यूबची पूर्ण इमेज १,४५,९९,७८,२४० बाइटची येते. एवढीच आली पाहिजे, कमी आली तर वाचन अर्धवट. मग कॉम्प्युटरवरच्या डॉल्फिन या गेमक्यूब-वी एम्युलेटरमधून आरव्हीझेड या आकुंचित फाईलप्रकारात बदला, जागा वाचते. वीच्या डिस्क ४ जीबीहून मोठ्या म्हणून फॅट३२ वर तुकड्यांत येतात, आणि त्यांचं एन्क्रिप्शन पंतांच्या रेषेपलीकडे आहे. डॉल्फिन २०२३ मध्ये स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानावर येणार होता तो वाद याच किल्लीवरून पेटला आणि ते प्रकाशन रद्द झालं.

प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीची मात्र साध्या ड्राइव्हमध्ये सरळ आयएसओ होते. खालून निळी दिसणारी डिस्क असेल तर ती सीडी आहे, ती बिन-क्यूत घ्या.

---

सुरवंट८बिट

ज्यांच्याकडे कार्ट्रिज नाही, सीडी नाही, रीडर नाही, त्यांच्यासाठी धागा इथेच संपतो का? मुळीच नाही. जुन्या यंत्रांसाठी आजही नवे खेळ लिहिले जातात आणि त्यांची रॉम फाईल निर्मातेच देतात.

टोबू टोबू गर्ल, २०१७ चा, गेम बॉयसाठी, मोफत आणि सोर्ससकट. मायक्रो मेजेस, २०१९ चा, एनईएससाठी. ४० किलोबाइटमध्ये चार जणांनी एकत्र खेळायचा खेळ बसवलाय, विकत घ्यावा लागतो आणि रॉम मिळते. झेनो क्रायसिस हा मेगा ड्राइव्हसाठी, तोही रॉमसकट विकला जातो. गेम बॉय अॅडव्हान्ससाठी अँगुना मोफत आहे. इच डॉट आयओवर 'गेम बॉय रॉम' असं शोधलं तर शेकड्यांनी निघतात. फक्त पानावर रॉम देतात की नुसतं ब्राउझरमध्ये खेळायला देतात ते आधी वाचा.

सेगाने स्टीमवर विकलेल्या मेगा ड्राइव्हच्या संग्रहात खेळांच्या उघड्या रॉम फाइल्स फोल्डरमध्येच मिळत. डिसेंबर २०२४ मध्ये तो संग्रह विक्रीतून काढला, पण ज्यांनी आधी घेतलाय त्यांना तो लायब्ररीतून उतरवता येतो. स्टीमचा करार वाचून तुमचं तुम्ही ठरवा.

आणि २४०पी टेस्ट सूट हे मोफत साधन आधी चालवा. खेळ नाही, चाचणीचे पडदे आहेत. रंग, स्क्रोलिंग, आवाज आणि बटण दाबल्यापासूनचा उशीर सगळं त्यावर तपासता येतं. खेळाच्या भरात सेटिंग करत बसण्यापेक्षा हे बरं.

---

निवांत_नोड

अॅप कुठलं, यावर.

अँड्रॉइडवर दोन मार्ग. लेमुरॉइड: फोल्डर दाखवा, खेळ आपोआप ओळखतो, सेटिंग मोजकी, जाहिरात नाही. ज्याला फक्त खेळायचंय त्याने इथेच थांबावं. रेट्रोआर्क: सगळं बदलता येतं, म्हणून सगळं बिघडवताही येतं. रेट्रोआर्क स्वतः एम्युलेटर नाही, तो सांगाडा आहे. प्रत्येक यंत्राचा 'कोअर' वेगळा उतरवायचा. प्ले स्टोअरच्या आवृत्तीत कोअरची संख्या मर्यादित आहे, प्रकल्पाच्या संकेतस्थळावरच्या एपीकेत, म्हणजे थेट बसवायच्या अॅप फाईलमध्ये, पूर्ण यादी मिळते.

कोअरची माझी निवड: एनईएसला मेसेन, एसएनईएसला स्नेस९एक्स, गेम बॉय कुटुंबाला एमजीबीए, मेगा ड्राइव्हला जेनेसिस प्लस जीएक्स, प्लेस्टेशन १ ला हलक्या फोनवर पीसीएसएक्स रीआर्म्ड आणि दमदार फोनवर स्वानस्टेशन. पीसीएसएक्स रीआर्म्ड बायोसशिवाय चालतो, पण काही खेळ लटकतात किंवा मेमरी कार्डाशी भांडतात. स्वानस्टेशनला खरा बायोस हवा. तो तुमच्या यंत्रातूनच काढलेला असला पाहिजे, नेमका ५,२४,२८८ बाइटचा, आणि रेट्रोआर्कच्या 'सिस्टीम' फोल्डरमध्ये अपेक्षित नावानेच. कोअर इन्फर्मेशनच्या पानावर फर्मवेअरसमोर 'मिसिंग' दिसलं तर नाव किंवा जागा चुकलीय.

आयफोनवर अॅपलने एप्रिल २०२४ मध्ये नियम बदलले आणि जुन्या कन्सोलचे एम्युलेटर अॅप स्टोअरवर येऊ लागले. त्याच महिन्यात डेल्टा आला: एनईएस, एसएनईएस, एन६४, गेम बॉयची तिन्ही रूपं आणि डीएस. मे महिन्यात रेट्रोआर्क आणि पीपीएसएसपीपीही आले. अडचण एकच आणि ती मोठी: अॅप स्टोअरच्या अॅपला जेआयटी, म्हणजे चालता चालता यंत्रभाषेत भाषांतर करण्याची मुभा नाही. एसएनईएसला काही फरक पडत नाही, गेमक्यूबला पडतो. म्हणूनच डॉल्फिन तिथे नाही. फोन कितीही महागडा असो, तिथे इलाज चालत नाही.

आयफोनवर फाइल्स अॅपमधल्या त्या त्या अॅपच्या फोल्डरमध्ये खेळ ठेवायचे. अॅप उडवलं की फोल्डरही जातो, सेव्हसकट. डेल्टात गूगल ड्राइव्ह किंवा ड्रॉपबॉक्सशी सिंक आहे, ते पहिल्याच दिवशी चालू करा.

दोन्ही स्टोअरवर नामांकित एम्युलेटरच्या नकला, जाहिरातींनी भरलेल्या, सर्रास असतात. अधिकृत संकेतस्थळावरच्या दुव्यावरूनच स्टोअरवर जा. आणि ज्या अॅपमध्ये खेळ आधीच भरलेले आहेत ते सरळ टाळा.

---

कासवछाप

उशीर, आवाज आणि पडदा.

आधी ब्लूटूथ इयरफोन काढा. साधारण शंभर-दोनशे मिलिसेकंद तिथेच जातात आणि एम्युलेटरमधल्या कुठल्याही सेटिंगने ते परत येत नाहीत. वायरचा इयरफोन किंवा फोनचा स्पीकर. कंट्रोलर मात्र ब्लूटूथवर चालून जातो. यूएसबी-सीचा मिळाला तर उत्तमच.

रेट्रोआर्कमध्ये ऑडिओ लेटन्सी (आवाजाचा उशीर) १२८ मिलिसेकंदांपासून सुरू करा आणि टप्प्याटप्प्याने खाली आणा. ६४ ला कडकड ऐकू आली तर एक पायरी वर. कडकड दोन प्रकारची असते: सतत येणारी म्हणजे बफर लहान. दृश्य गर्दीचं झालं की येणारी म्हणजे फोनला वेग झेपत नाही, आणि तिथे बफर वाढवून काही होत नाही.

रन-अहेड, म्हणजे काही फ्रेम आधीच चालवून बटणाचा उशीर कमी करणारं सेटिंग, हे खरं हत्यार आहे. किती फ्रेम द्यायच्या याचा अंदाज बांधू नका, मोजा. खेळ पॉज करा, उडीचं बटण दाबून धरा आणि एक एक फ्रेम पुढे न्या. कितव्या फ्रेमला पात्र हललं ते पाहा, त्यातून एक वजा करा. तेवढं रन-अहेड चालतं, त्याहून जास्त दिलं तर हालचालीतल्या फ्रेम गळतात आणि पात्र टुणकन जागा बदलतं. प्रोसेसरवर भार वाढतो, म्हणून हे ८ आणि १६ बिटच्या यंत्रांपुरतं ठेवा.

रिफ्रेश रेट: एनईएस सेकंदाला ६०.१ फ्रेम देतो, गेम बॉय अॅडव्हान्स ५९.७, फोनचा पडदा ६०, ९० किंवा १२०. नव्वदवर साठ नीट बसत नाही, एक फ्रेम एकदा आणि पुढची दोनदा दिसते, स्क्रोलिंग थरथरतं. फोनच्या सेटिंगमधून ६० वर बांधा. १२० वर ठेवायचंच असेल तर व्हीसिंक स्वॅप इंटरव्हल २ करा. युरोपीय आवृत्तीचे खेळ ५० फ्रेमचे, ते ६० वर थरथरणारच. पर्याय असेल तर डंपसाठी ६० हर्ट्झची आवृत्तीच शोधा.

पडदा: गेम बॉय अॅडव्हान्सचं चित्र २४० गुणिले १६०. आडव्या १०८० उंचीच्या पडद्यावर पूर्णांकात सहापट बसतं, १४४० गुणिले ९६०. पावणेसातपट ताणलंत तर काही पिक्सेल जाड, काही बारीक, आणि सरकत्या चित्रात लाटा दिसतात. 'इंटिजर स्केल' चालू करा आणि कडेच्या काळ्या पट्ट्या सहन करा. उभ्या फोनवर चित्र वर आणि बटणं खाली ठेवली तर अंगठे चित्रावर येत नाहीत, गेम बॉयसाठी तीच जागा योग्य.

---

गोगलगाय

खेळात रीतसर सेव्ह केलं, फोनवरून अॅप सरकवून बंद केलं, परत उघडलं तर सेव्ह नाही. असं का होतं? फाईल बिघडते का?

---

निवांत_नोड

बिघडत नाही, लिहिलीच जात नाही. रेट्रोआर्क खेळातला सेव्ह मेमरीत धरून ठेवतो आणि खेळ नीट बंद केला की एसआरएम फाईलमध्ये उतरवतो. रिसेंट अॅप्समधून सरकवलंत किंवा फोननेच बॅटरी वाचवायला मारलं, की ती पायरी राहून जाते. सेटिंगमध्ये सेव्हिंगखाली 'सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटरव्हल' आहे, ते बंद असेल तर चालू करा. १० सेकंद द्या. शिवाय फोनच्या बॅटरी ऑप्टिमायझेशनमधून अॅपला वगळा. बंद करताना आधी मेनूतून 'क्लोज कंटेंट'.

सेव्ह स्टेट वेगळी चीज. ती त्या कोअरच्या त्या आवृत्तीच्या पोटातलं सगळं जसंच्या तसं गोठवते. कोअर अद्ययावत झाला की कधी कधी उघडत नाही, दुसऱ्या एम्युलेटरमध्ये तर जवळजवळ नाहीच. बॉसशी लढण्याआधी वापरा, चाळीस तासांची मजल तिच्या भरवशावर टाकू नका. फोन बदलताना एसआरएम किंवा एसएव्ही फाईल न्यायची, बहुतेक ठिकाणी नुसतं एक्स्टेंशन बदलून चालते. डीएसच्या डीएसव्ही फाईलला मात्र शेवटी १२२ बाइटचं शेपूट असतं, ते न कापता मेलॉनडीएसला दिली तर सेव्ह ओळखला जाईलच याची खात्री नाही.

---

रानजाई

पीएसपीबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून.

यूएमडी डिस्क फक्त पीएसपीच वाचतो, म्हणून कस्टम फर्मवेअर, म्हणजे बाहेरच्यांनी बदललेलं आतलं सॉफ्टवेअर, घातलेलं स्वतःचं यंत्र लागतं. सिलेक्ट दाबून त्याचा मेनू उघडा, यूएसबी डिव्हाइसच्या जागी 'यूएमडी डिस्क' निवडा, कॉम्प्युटरला जोडा. यूएसबी सुरू केली की ड्राइव्हमध्ये एकच आयएसओ फाईल दिसते, ती कॉपी करायची. मोठ्यात मोठी १.८ जीबीची. बॅटरी पूर्ण भरलेली आणि चार्जर लावलेला ठेवा, मध्येच बंद पडलं तर अर्धी आयएसओ येते आणि बऱ्याचदा सुरूही होते, मग पुढच्या टप्प्यात लटकते. सीएचडी करायचं असेल तर 'क्रिएटसीडी' नव्हे, 'क्रिएटडीव्हीडी', हंकचा आकार २०४८.

पीपीएसएसपीपी पहिल्यांदा उघडल्यावर फोल्डर विचारतो. अॅपचं खासगी स्टोरेज निवडू नका, अॅप काढल्यावर सेव्ह जातात. स्वतःचा फोल्डर द्या. खऱ्या पीएसपीच्या मेमरी स्टिकवरचा 'सेव्हडेटा' फोल्डर तसाच इथे टाकला की जुने सेव्ह चालू.

ग्राफिक्ससाठी व्हल्कन निवडा, फ्रेमस्किपिंग बंद, रेंडरिंग दुप्पट. पीएसपीचा पडदा ४८० गुणिले २७२, चौपट केलं की १९२० गुणिले १०८८, म्हणजे १०८० च्या फोनला त्याहून पुढे जाण्यात अर्थ नाही. पहिली दहा मिनिटं मस्त आणि मग अडखळतंय, असं असेल तर फोन तापून वेग उतरवतोय. रेंडरिंग एक पायरी खाली आणि जाड कव्हर बाहेर.

---

आडवा_मेंदू

आणि प्लेस्टेशन २? फोन दोन वर्षांपूर्वीचा मधल्या फळीतला आहे.

---

कासवछाप

वेळ घालवू नका. अँड्रॉइडवरच्या एथरएसएक्स२ या प्लेस्टेशन २ एम्युलेटरचं काम निर्मात्याने जानेवारी २०२३ मध्ये थांबवलं. त्यानंतर त्या नावाने फिरणाऱ्या बऱ्याच एपीके कोणी बनवल्या याचा पत्ता नाही. शिवाय प्लेस्टेशन २ चा ४ मेगाबाइटचा बायोस लागतोच, आणि तो स्वतःच्या यंत्रातून काढायचा तर त्यावर होमब्रू बसवण्यापासून तयारी. मधल्या फळीच्या फोनवर एवढं करून अर्ध्या वेगाने खेळ बघायचा? गेमक्यूबचंही तेच: अॅड्रेनो ग्राफिक्सवर डॉल्फिन बरा, मालीवर अडखळतो. तुमच्या फोनला प्लेस्टेशन १, पीएसपी आणि डीएस आरामात झेपतील.

---

आडवा_मेंदू

मग प्लेस्टेशन १ च. सीडी आहेत, ड्राइव्ह आहे. कंट्रोलर ड्युअलशॉक ४ चालेल ना, आणि कसा जोडायचा?

---

निवांत_नोड

चालेल. शेअर आणि पीएस ही दोन बटणं एकत्र दाबून धरा, दिवा दोन-दोनदा लुकलुकू लागला की फोनच्या ब्लूटूथ यादीत 'वायरलेस कंट्रोलर' दिसेल. रेट्रोआर्क बटणं आपोआप ओळखतो. १९९७ च्या आधीचे काही खेळ अॅनालॉग काडी ओळखतच नाहीत. तिथे पोर्ट १ च्या सेटिंगमध्ये डिव्हाइस टाइप साधा 'डिजिटल' ठेवा आणि 'अॅनालॉग टू डिजिटल'मध्ये डावी काडी निवडा, म्हणजे तीच दिशेच्या बटणांचं काम करेल.